हातचा

मेथडिस्ट चर्चच्या तळघरात, घडीच्या टेबलांभोवती
आम्ही सहा जणी प्रगतिपुस्तकं दुमडत बसलोय.
तीन घड्या, एक तिकीट, पुढचं.
आयोवात फेब्रुवारी आहे, हीटर खोकतो आहे,
ओपलच्या जिभेला डिंकाची चव.

प्रगतिपुस्तकं आमदारांची.
बारा मतदानं, बारा चौकटी,
हिरवी खूण, लाल फुली,
तळाशी टक्के, इतक्या जाड ठशात
की चष्मा घरी विसरलेल्यालाही कळावं
कोण आपला आणि कोण नाही.

मी एकतीस वर्षं गणित शिकवलं,
तेव्हा संघटनेनं बेरजा माझ्याकडेच दिल्या.
नियम इलेननं ठरवले, मी मान डोलावली:
साठच्या खाली गेला तर त्याच्या रस्त्याला लाल पाटी.
गैरहजर म्हणजे विरोधात.

विहिरीच्या पाण्यात नायट्रेट दहाच्या वर नको म्हणतात.
माझ्या नळाला एकोणीस निघालं.
नातीची दुधाची बाटली आम्ही दुकानच्या पाण्यानं भरतो,
म्हणून माझा हात थरथरत नाही फुली मारताना.
एकदा सोडून कधीच थरथरला नाही.

वेंडेल टेनहोफ. तिसरा बाक, खिडकीशी.
बेरीज बरोबर मांडायचा आणि हातचा विसरायचा.
सत्तावीस अधिक पंधरा, उत्तर बत्तीस.
‘अरे, तो एक कुठे गेला?’
तो खिडकीबाहेर बघायचा, जणू तो एक मक्यात पळालाय.

आता तो आमदार. सात हिरव्या, तीन लाल,
दोन रिकाम्या, आणि रिकाम्या म्हणजे लाल.
अठ्ठावन्न.

त्या दोन दिवशी तो बायकोच्या उशाशी होता,
आयोवा सिटीच्या इस्पितळात, चौथ्या मजल्यावर.
हे तळघरात सगळ्यांना ठाऊक होतं.
कॅसरोल नेऊन देणारी ओपलच होती.
तीच ओपल रोज आठ दहाला त्याच्या कचेरीत फोन करायची,
तिथली मुलगी आवाज ओळखून म्हणायची,
‘हो, विहिरी. लिहून घेतलंय.’

ते दोन वगळले तर दहात सात.
सत्तर.
सत्तरची पाटी कुणी लावत नाही.
मी हे इलेनला म्हटलं.
ती म्हणाली, ‘एकाला सूट दिली
की उद्या सगळ्यांच्या बायका आजारी पडतील.’
खोटं नव्हतं ते. मला उत्तर सुचलं नाही.

पाटी लागली. त्याच्या फाटकासमोर, बर्फात, लाल ५८.
दुकानात, अंड्यांच्या फ्रिजपाशी भेटला.
‘बाई, या वेळी तुम्हीच विसरलात,’ म्हणाला,
आणि माझ्या टोपलीतली पाण्याची कॅनं
उचलून गाडीत ठेवून दिली, दोन्ही.

एप्रिलमध्ये आम्ही विधानभवनाच्या संगमरवरी पायऱ्यांवर
एक्केचाळीस बरण्या मांडल्या,
एक्केचाळीस विहिरी, प्रत्येकीवर नाव आणि आकडा.
मग पिवळे स्कार्फ बांधून गॅलरीत ओळीनं बसलो.
मतदान पुकारलं.
वेंडेलनं आधी वर पाहिलं, आमच्याकडे,
मग बटण दाबलं.
हिरवं.

पाण्यासाठी दाबलं की पाटीसाठी,
हे त्या बटणाला कळत नाही
आणि विहिरीलाही फरक पडत नाही.
सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. मीही.
एका मतानं जिंकलो होतो.

आता पुन्हा तळघर, नवी कार्डं, नवे टक्के.
हीटर बंद, खिडकी उघडी, बाहेर कुणी नांगरतंय.
गठ्ठ्यातलं एक जुनं कार्ड मी ओढून काढलं,
अठ्ठावन्नच्या डोक्यावर पेन्सिलीनं, अगदी बारीक,
एक मांडला.

इलेननं पाहिलं असतं तर कार्ड खराब झालं म्हणाली असती.
तीन घड्या, एक तिकीट.
पत्ता त्याचा होता, मला पाठ होता.
पाटी अजून तिथेच आहे, असं ओपल म्हणाली.
बर्फ वितळल्यावर जराशी कलली आहे.